पागुमेत सही झालेली दोनशे तेरा घरं

हामले १८. सकाळी तीन वाजता.
(हामले म्हणजे आमचा अकरावा महिना, आणि तीन म्हणजे ऊन पडल्यापासून तीन. जगाच्या घड्याळात नऊ. ही वही कुणासाठी नाही, तरी पुढेमागे परदेशात कुणी वाचली तर घोळ नको.)
आजपासून रोजनिशी. माणूस मोठा झाला की लोक विचारतात, सुरुवात कशी झाली? तेव्हा डोकं खाजवत बसायला नको.
विषय असा. नगरपालिकेत कागदपत्रांचं एक सॉफ्टवेअर आहे. रेकॉर्ड रूममधला प्रत्येक कागद स्कॅन होऊन त्यात पडलेला आहे. जमीन खात्याची सिस्टीम वेगळी, ती राजधानीहून, म्हणजे अदिसहून चालते. दोघांचं एकमेकांशी बोलणं नाही. ते करून देणारी एक डीएलएल फाईल बसवायची आहे. जबाबदारी: झेरिहुन देमिस्से, वय एकोणचाळीस, अविवाहित (सध्या).
संचालक अतो (म्हणजे श्रीयुत) लेम्मांनी विचारलं, जमेल ना? मी म्हटलं, एक दुपार पुरे. त्यांनी मुदत दिली पागुमे ५, म्हणजे वर्षाचा शेवटचा दिवस. मला हसू आवरेना.
नव्या वर्षापासून नियम असा की घराचा कार्ता त्या सिस्टीममध्ये दिसला नाही, तर तो धरला जाणार नाही. कार्ता म्हणजे जागेचा नकाशा, मालकाचं नाव, महापौरांची सही. तो नाही तर राहत्या घरात माणूस उपरा. लोक घाबरलेत. उगाच. मी आहे ना.

हामले १९.
फाईल बसवली. अदिसच्या कंपनीने पाठवलेल्या पाकिटात दोन फोल्डर होते. एकावर ‘स्थानिक’, दुसऱ्यावर ‘आंतरराष्ट्रीय’. विचार करायला दोन सेकंद लागले. आपण काय पाणपट्टी भरायला आलोय? आंतरराष्ट्रीय.
रेकॉर्ड रूमच्या वैझेरो (म्हणजे श्रीमती) फंताये बघायला आल्या. एकतीस वर्षं त्याच धुळीत बसलेल्या बाई. ही फाईल करते काय, म्हणाल्या. मी सोप्या भाषेत सांगितलं की दोन सॉफ्टवेअर परस्पर बोलत नाहीत, ही मध्ये पडून बोलणी करते. म्हणाल्या, “म्हणजे शिमागिले. मुलाकडची तीन म्हातारी माणसं मुलीच्या दारात जातात तशी. मग लेका, ती इथली माहितगार नकोत का? परक्या माणसाला सोयरीक जुळवायला कोण पाठवतं?”
अशा लोकांमुळे देश मागे आहे.

हामले २४.
फाईल चालवली. एकूण कार्ते नऊ हजार चारशे. पलीकडे गेले नऊ हजार एकशे सत्त्याऐंशी. परत आले दोनशे तेरा. म्हणजे यश जवळजवळ अठ्ठ्याण्णव टक्के! आकडा मोठ्या अक्षरात छापून भिंतीवर चिकटवला. दोनशे तेरांचं कारण दमट हवा.

हामले २५.
दमट हवा नाही. व्होल्टेज.

हामले २६. दुपारी.
आज आयुष्याला वळण.
रेकॉर्ड रूमच्या खिडकीशी अतो गेब्रेयेस आले होते. निवृत्त शाळामास्तर, गुडघे गेलेले. आमच्या गेटसमोर जे औषधाचं दुकान आहे ते चालवणाऱ्या हिरुतचे वडील. त्यांचा कार्ता दोनशे तेरांत. मी आत पार्टिशनमागे होतो, पण शब्द न् शब्द ऐकू आला. म्हणाले, “वैझेरो, घर मी स्वतः विटा वाहून बांधलंय. नियम आल्यापासून सात खेपा झाल्या. आता जो कुणी माझा कागद त्या मशीनमध्ये घालेल ना, त्याला मी माझा मुलगाच मानीन.”
मुलगा! अतो गेब्रेयेसना मुलगा नाही, एकच मुलगी. मग बाहेरचा माणूस त्यांचा मुलगा होणार कसा? एकच वाट आहे. शिकलेला माणूस, सरळ कसं बोलणार. सूचक बोलले. साक्षीदार: वैझेरो फंताये.
बाहेर जाऊन पाया पडणार होतो, पण काम झाल्यावरच तोंड दाखवायचं असं ठरवलं. तोवर त्यांनी मला पाहू नये.

नेहासे २.
हिरुतच्या दुकानात डोकेदुखीची गोळी घेतली. ती म्हणाली, “परत डोकं?” ‘परत’ म्हणाली. म्हणजे लक्षात ठेवते.
उपास सुरू झालेत. नुसतं पिठल्यासारखं शिरो आणि आंबवलेल्या पिठाची इंजेरा. उपासात माणसाचं डोकं जास्त चालतं. उद्यापासून रोज पहाटे उठून व्यायाम.

नेहासे ३.
पाऊस. व्यायाम नाही.

नेहासे ६.
अदिसच्या कंपनीतली इंजिनियर बेझा फोनवर मदत करणार होती. वेळ ठरली तीन. मी सकाळी तीनला फोन समोर ठेवून, भांग पाडून बसलो. चार झाले, पाच झाले. सहा वाजता जेवणाची सुट्टी झाली तेव्हा मी निषेध म्हणून घरी गेलो. तिने केला दुपारी, जगाच्या घड्याळातल्या तीनला. अदिसचे लोक इंग्रजी बोलायला लागले की सूर्याला विचारत नाहीत.
फोन घेतला वैझेरो फंतायेंनी. तासभर गप्पा मारल्या म्हणे. दोघींचं आजोळ एका गावचं निघालं. फाईलबद्दल काय बोलल्या विचारलं तर म्हणाल्या, “तुझ्यासाठी निरोप आहे, पण तू ऐकणार नाहीस. जेवून ये आधी.”

नेहासे ९.
वैझेरो फंताये म्हणतात, दोनशे तेरा मूळ कागद मी दोन दिवसांत काढून देते, हाताने टाईप करून पाठव. हाताने! मग मी इथे कशाला आहे? स्पष्ट सांगितलं की एकही कागद हाताने जाणार नाही, जाईल तो फाईलमधूनच जाईल. त्या म्हणाल्या, “कागदाला कळत नाही रे लेका तो कशातून गेला. घर ज्याचं आहे त्याला कळतं.” भावनिक बाई.

नेहासे १७.
कारण सापडलं! (वैझेरो फंताये बोलत होत्या, तेव्हा मला सुचलं.)
दोनशे तेराही कार्त्यांवर एकाच आठवड्याची सही आहे. नऊ वर्षांपूर्वी जुने महापौर जाताना टेबल रिकामं करायला बसले आणि शेवटच्या पाच दिवसांत सह्यांचा सपाटा लावला. ते पाच दिवस म्हणजे पागुमे. आमचा तेरावा महिना. आणि ही आंतरराष्ट्रीय फाईल महिने मोजते बारा! तेरा दिसले की कागद परत. बाहेरच्या देशांत बारा महिन्यांतच वर्ष उरकतात. सगळ्यात घाई.
बेझाला फोन केला (दोन्ही घड्याळं समोर ठेवून). म्हणाली, “अहो, तेच तर मी वैझेरोंना सांगितलं होतं. ‘स्थानिक’ फोल्डरमधली फाईल लावा. तिच्यात तेरा महिने आहेत. तुमच्यासाठीच केलीय ती.”
विचार करतो म्हटलं. विचार असा केला: स्थानिक लावायची तर पहिल्यापासून सगळं करावं लागेल, भिंतीवरचा आकडा काढावा लागेल, आणि माझ्या कार्डावर ‘आंतरराष्ट्रीय जोडणी तज्ज्ञ’ छापून झालंय. शंभर कार्डं. नाही.

नेहासे २१. सकाळी चार.
मीच सोडवलं. फाईलसोबतच्या सेटिंगमध्ये एक ओळ वाढवली. तेरावा महिना दिसला की पुढच्या वर्षाचा पहिला दिवस धर. म्हणजे पागुमे २ असो की ४, सगळं मेस्केरेम १. पाच दिवसांनी कुणाचं काय बिघडतं? त्या दिवसांचा पगारसुद्धा कुणी देत नाही.
दोनशे तेरा गेले! एकही परत नाही. शंभर टक्के. जुना आकडा फाडून नवा लावला. सगळ्यांना कॉफी पाजली, रीतीप्रमाणे तिन्ही कप. वैझेरो फंतायेंनी विचारलं, तेरावा महिना कुठे गेला मग? मी म्हटलं, विरघळला. त्या कॉफी न संपवताच उठल्या.
संध्याकाळी मामांना सांगितलं की तीन शिमागिले तयार ठेवा. मुहूर्त पागुमे ३, देवदूत रुफाएलचा दिवस. त्या दिवशीचा पाऊस पवित्र असतो.

नेहासे २४.
सिस्टीममधून जी पत्रं आपोआप निघतात, त्यांच्याखाली नुसतं ‘नगरपालिका’ असतं. कोरडं वाटतं. तिथे ‘झेरिहुन देमिस्से, तज्ज्ञ’ टाकलं. घरोघर नाव जाईल.

नेहासे २९.
दुकानात गेलो. डोकं दुखत नव्हतं, कंगवा घेतला. हिरुतने स्वतःहून विचारलं, “तुम्ही नगरपालिकेतच ना? बाबांच्या कार्त्याचं काही कळलं का हो? झोप उडालीय त्यांची. रोज उठून भिंतींना हात लावून येतात.”
सांगून टाकता आलं असतं की झालंय. पण आनंदाची बातमी शिमागिलेंच्या तोंडून शोभते. मी गूढ हसून म्हटलं, “पागुमे तीनला कळेल.” ती म्हणाली, “का? त्या दिवशी काय आहे?” कंगव्याचे पैसे देऊन निघालो. मागून म्हणत होती की सुट्टे राहिले. राहू दे.

पागुमे १.
छोटी अडचण.
ही फाईल सामायिक असते. म्हणजे एकच फाईल नगरपालिकेतले सगळे प्रोग्रॅम वापरतात. हजेरीचासुद्धा. आज पागुमे उजाडला आणि माझ्या ओळीप्रमाणे हजेरीच्या मशीनने तारीख धरली मेस्केरेम १. स्क्रीनवर फुलं आली. ‘नववर्षाच्या शुभेच्छा. आज कार्यालय बंद.’ गेटवरच्या रखवालदाराने वाचलं आणि कुलूप लावून घरी गेला. मग पाणीखाते गेलं. मग जन्ममृत्यू. दुपारपर्यंत आत तिघंच: मी, वैझेरो फंताये आणि संचालक, तेही कुलूप बाहेरून असल्यामुळे.
संचालकांनी विचारलं, ही तुमची ओळ आणखी कुठे कुठे लागली असेल? मी म्हटलं, सर, सामायिक म्हणजे सगळीकडेच. ते खाली बसले. त्यांना तंत्रज्ञानाची आवड दिसते.

पागुमे २.
हजेरीचं मशीन बंद करून सगळ्यांना परत कामावर बोलावलंय. आज सकाळी प्रिंटर आपोआप सुरू झाला. आधी बरं वाटलं.
जमीन खात्याच्या सिस्टीमने दोनशे तेरा कार्ते तपासले. सहीची तारीख मेस्केरेम १. जुने महापौर पदावरून उतरले त्याच्या आदल्या दिवशी, पागुमे ५ ला. म्हणजे पद गेल्यावर सही. म्हणजे सही खोटी. दोनशे तेरा पत्रं. ‘आपला कार्ता बनावट असल्याचा संशय आहे. खुलासा करावा, अन्यथा नाव कमी करण्यात येईल.’ खाली ठळक अक्षरात: झेरिहुन देमिस्से, तज्ज्ञ.
मी प्रिंटरची वायर ओढेपर्यंत शिपाई गठ्ठा घेऊन बजाज रिक्षात बसून गेला होता. एरवी आमचं पत्र पोचायला महिना लागतो. ही उद्या सकाळी पोचणार.
मामांचा फोन बंद. चार्जिंग वाचवतात.
शांतपणे विचार केला. तसं पाहिलं तर शिमागिले दारात जाण्याआधी त्या घरात माझं नाव पोचलेलं असेल. ओळख करून द्यायला नको.

पागुमे ३. रुफाएल.
सकाळी धो धो पाऊस आला आणि सगळं ऑफिस अंगणात. आज या पाण्यात भिजलं की वर्षाची पीडा जाते. संचालक कोटासकट उभे. वैझेरो फंताये दोन्ही हात वर करून. मला म्हणाल्या, “ये रे लेका, तुला जास्त गरज आहे.” मी नाही गेलो. सर्व्हरजवळ कुणीतरी हवं.
दुपारी मामा आले. नखशिखांत ओले. टॉवेलसुद्धा घेतला नाही, उभ्या उभ्या सांगितलं ते असं.
“आम्ही तिघं दारात उभे. बसा म्हणाले, रीतीप्रमाणे बसलो नाही, उत्तर मिळाल्याशिवाय बसायचं नसतं. पावसात उभे राहिलो. मी म्हटलं, आम्ही झेरिहुन देमिस्से यांच्यातर्फे आलोय. म्हातारा आत गेला. मला वाटलं, बायकांना बोलवायला गेला. बाहेर आला तो एक कागद घेऊन. चष्मा लावला आणि तुझं नाव तीनदा वाचलं. मग म्हणाला, सकाळी याच माणसाने माझं घर खोटं ठरवलं आणि दुपारी माझी मुलगी मागतो? संध्याकाळी काय न्यायला येणार आहे? चुलीवरचं भांडं?”
मामा पुढे म्हणाले, “आणि ओरडला नाही रे तो. कागदाची घडी घालून खिशात ठेवली. त्याने ओरडायला हवं होतं. पाऊस पवित्र होता म्हणून, नाहीतर तीन म्हाताऱ्यांचं काही खरं नव्हतं. परत माझ्याकडे येऊ नकोस. लग्न ठरलं तर मात्र कळव.”
बोलणी पूर्ण फिसकटली असं म्हणता येणार नाही. ‘नाही’ हा शब्द कुणी उच्चारला नाही.

पागुमे ४.
सकाळपासून गेटवर माणसं. हातात माझ्या नावाची पत्रं. एक म्हातारी खाली बसून रडत होती, तिला वाचता येत नाही, पत्राचा शिक्का बघूनच रडत होती. मी मागच्या दाराने आत.
वैझेरो फंतायेंनी काल भिजून आल्यावर दोनशे तेरा मूळ कागद काढून ठेवले होते. सांगितलं नव्हतं कुणी. बेझा फोनवर सांगत होती आणि त्या एका बोटाने टाईप करत होत्या. ‘स्थानिक’ फाईल. मी छत गळत होतं तिथे बादली धरून उभा होतो. चाळीस मिनिटांत दोनशे तेरा गेले, आपापल्या खऱ्या तारखेनिशी. तारखा जुळवायला सगळे मूळ कागद त्यांच्या हाताशी होते. कुणी टाळी वाजवली नाही. वैझेरो बाहेर गेल्या आणि त्या म्हातारीला हाताला धरून आत घेऊन आल्या.
मला वाईट वाटलं. हे लिहायचं नव्हतं.
दुपारी हिरुत आली. माझ्या टेबलाशी उभी राहिली. बाबांची तब्येत कशी आहे विचारलं. ती म्हणाली, “पत्राचं बाबा विसरतील. तुम्ही मला एक सांगा. म्हातारी माणसं पाठवलीत, मुहूर्त काढलात. सहा आठवडे दुकानात येत होतात. मला विचारलं कधी?”
मी म्हटलं, तुझे वडील म्हणाले होते की.
“काय म्हणाले होते? मुलगाच मानीन? ते दूधवाल्यालाही म्हणतात.” मग जरा हळू आवाजात म्हणाली, “विचारलं असतं तर मी नाही म्हटलं असतं. पण नीट म्हटलं असतं, चहा देऊन.” कंगव्याचे सुट्टे टेबलावर ठेवून गेली.

पागुमे ५.
संचालकांचा हुकूम. पत्रांखालचं माझं नाव काढा. भिंतीवरचा आकडा काढा. लोक रांगेत येऊन नवे कार्ते घेऊन गेले. ज्यांना येता येत नाही असे अकरा उरलेत, ते झेरिहुनने घरी जाऊन हातात द्यावेत. हाताने. वैझेरोंच्या वहीत सही घेऊन.
दहा पोचवले. एका ठिकाणी कुत्रं अंगावर सोडलं. एक उद्या.

मेस्केरेम १. नवं वर्ष. सुट्टी.
सगळीकडे पिवळी फुलं. नवा संकल्प काही सुचला नाही.
अतो गेब्रेयेसच्या घरी गेलो. पाकीट दारातून देऊन पळायचा विचार होता. त्यांनी स्वतः दार उघडलं. मला कधी पाहिलेलंच नाही त्यांनी, मी पार्टिशनमागे. नगरपालिकेतून कागद आणलाय म्हटलं. हात धरून आत नेलं. सणाच्या दिवशी दारातून कुणी परत जातं का बाळा, म्हणाले. जमिनीवर ताजं गवत पसरलेलं. हिरुत कॉफी भाजत होती. तिने मान वर केली, मला पाहिलं, आणि परत बिया हलवायला लागली.
त्यांनी कार्ता उघडला. पूर्ण वाचला, नकाशासकट. मग ओठांना लावला. मला विचारलं, “तू काय करतोस तिथे?”
“कागद पोचवतो.”
“चांगलं काम आहे. सुट्टीच्या दिवशीसुद्धा आलास.” पहिला कप झाला. “तिथे एक झेरिहुन आहे म्हणे. ओळखतोस?”
तोंडओळख आहे म्हटलं.
“त्याला माझा निरोप सांगशील? म्हणावं, राग नाही. त्या तीन म्हाताऱ्यांना मी पावसात उभं ठेवलं त्याचं मला वाईट वाटतं. पण मुलगी म्हणजे काय फाईल आहे, इकडून उचलून तिकडे टाकायला? आधी तिच्याशी दोन शब्द बोल म्हणावं. आणि ती काय म्हणेल ते ऐकून घे म्हणावं.” माझ्या गुडघ्यावर थाप मारली. “एकेकाला घरी कुणी शिकवलेलं नसतं. तुझ्यासारखा साधा मुलगा असता तर मीही ऐकून घेतलं असतं.”
हिरुतने दुसरा कप भरला. वडिलांकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. तिला एक शब्द बोलता आला असता. त्याऐवजी माझ्या कपात साखर जास्त घातली.
तिसऱ्या कपापर्यंत बसलो. वहीत त्यांची सही घेतली. निघताना म्हणाले, विसरू नकोस हं, निरोप.
सांगतो म्हटलं.
पोचला.